‘कामगार वर्गाची हुकूमशाही’ हा विषय अभ्यासवर्गात कसा घ्यायचा (सातपूर-अंबडच्या अनुभवावरून)

मार्क्सच्या विचारातला हा विषय पहिल्यांदा मी घेतला तेव्हा पार फसला. नाशिकच्या सातपूरला (हे आणि अंबड दोन्ही इथले कारखान्यांचे भाग) एका मित्राच्या घराच्या गच्चीवर चौदा जण बसलेले, बरेचसे फर्स्ट शिफ्ट करून तसेच आलेले, आणि मी काय केलं तर फळ्यावर मोठ्या अक्षरात ‘कामगार वर्गाची हुकूमशाही’ असं लिहिलं आणि खाली व्याख्या. दहा मिनिटं बोलून झाल्यावर मागे बसलेला एक कंत्राटी हेल्पर म्हणाला, दादा हुकूमशाही तर आमच्याकडे रोजचीच आहे, ठेकेदार संध्याकाळी सांगतो उद्यापासून येऊ नको की विषय संपला, मग अजून एक कशाला आणायची? माझ्याकडे उत्तर नव्हतं. पाठ केलेलं होतं ते सांगितलं, त्याला पटलं नाही आणि खरं तर मलाही पटलं नाही.

नंतर कळलं की तो माणूस विषयाच्या मधोमध बोट ठेवून बसला होता, मीच बाहेरून फिरत होतो. त्यानंतर हा विषय आम्ही बऱ्याच वेळा घेतला, सातपूरला, अंबडला, एकदा सिन्नरला, आणि हळूहळू एक पद्धत बसली. युनियनमध्ये, वाचनालयात किंवा चार मित्रांत कोणाला हा विषय घ्यायचा असेल तर उपयोग होईल म्हणून लिहितोय.

आधी तयारीचं थोडक्यात. एका बैठकीत हा विषय संपत नाही, तीन संध्याकाळ धरा आणि त्या लागोपाठच्या आठवड्यांत घ्या, मध्ये गॅप पडला की शिफ्ट बदलते आणि निम्मे लोक गळतात. दहा ते पंधरा जण पुरे. वीसच्या पुढे गेलं की बोलणारे तिघं आणि ऐकणारे सतरा असं होतं. परमनंट आणि कंत्राटी दोन्ही पाहिजेत, बायका पाहिजेत (वेळ त्यांना विचारून ठरवा, रात्री आठची मीटिंग ठेवून ‘बायका येत नाहीत’ म्हणण्यात अर्थ नाही), आणि शक्य झालं तर पेठ-सुरगाण्याकडून, म्हणजे जिल्ह्यातल्या आदिवासी शेतकरी भागातून, कामाला आलेले एकदोन जण पाहिजेत, ते का ते पुढे सांगतो. झेरॉक्स दोनतीन पानांच्या वर वाटू नका, कोणी वाचत नाही.

पहिल्या संध्याकाळी तो शब्द उच्चारायचाच नाही. जुन्या कॅलेंडरची पाठची कोरी बाजू घ्या, मधे उभी रेघ मारा. डावीकडे लिहा ‘इथे आपलं मत चालतं’, उजवीकडे ‘इथे चालत नाही’. आणि विचारत जा. खासदार? डावीकडे. नगरसेवक? डावीकडे. सोसायटीचा चेअरमन, गावची ग्रामपंचायत? डावीकडे. आता कंपनी. शिफ्ट किती तासांची? मशीनवर किती पीस काढायचे? सुपरवायझर कोण? नफ्यातलं किती वाटायचं आणि किती नव्या प्लांटला लावायचं? प्लांट नाशिकमध्ये ठेवायचा की दुसऱ्या राज्यात न्यायचा? सगळं उजवीकडे जातं. उजवी बाजू भरून खाली जागा उरत नाही, लोक स्वतःच बघतात. आमच्याकडे एका ताईंनी शेवटी स्वतःहून सांगितलं की पाच वर्षांतून एकदा दहा मिनिटं आपण मालक आणि बाकी रोजचे आठ तास दुसरं कोणीतरी.

इथे थांबून मार्क्सचं म्हणणं सांगायचं. त्याच्या दृष्टीने राज्य म्हणजे शेवटी कुठल्या तरी वर्गाचं राज्य असतं. वरून राजा असो, संसद असो, लष्कर असो, ते झालं राज्याचं रूप. पण कारखाने, जमीन, बँका कोणाच्या हातात आहेत आणि कायदा-पोलीस-कोर्ट शेवटी कोणती मालकी राखतात हे बघितलं की कोणाचं राज्य ते कळतं. या अर्थाने मार्क्सवादी लोक लोकशाही देशांतल्या सत्तेलाही भांडवलदार वर्गाची हुकूमशाही म्हणतात. म्हणजे तिथे मतदान नाही असं नाही, मतदान आहे पण ते कॅलेंडरच्या उजव्या बाजूपर्यंत पोचत नाही.

आणि इथेच एक धोका आहे, तो मी दोनदा बघितलाय. कोणीतरी लगेच म्हणतं मग मतदान फालतू आहे, सगळं सोंग आहे. हे तसंच सोडू नका. १८४८च्या कम्युनिस्ट जाहीरनाम्यात ‘हुकूमशाही’ हा शब्द नाहीच, तिथे म्हटलंय की कामगार वर्गाने सत्ताधारी वर्ग होणं म्हणजे लोकशाहीची लढाई जिंकणं. कामाचे तास, पीएफ, युनियन करायचा हक्क, हे संप आणि मतदान दोन्हीच्या जोरावर मिळालेलं आहे. ज्यांच्या आजोबांनी तुरुंगात दिवस काढून ते मिळवलं त्यांच्या नातवांनी ते सोंग म्हणू नये असं मला मनापासून वाटतं, आणि मी ते वर्गात स्पष्ट सांगतो.

मग शब्दाचा इतिहास, पण पंधरा मिनिटांत आटपा. मराठीत हुकूमशाही म्हटलं की डोळ्यासमोर हिटलर येतो, एक माणूस, मिशी, बूट. मार्क्सच्या काळात युरोपात शिकलेल्या माणसाला डिक्टेटर म्हटलं की जुनं रोम आठवायचं. तिथे संकटात एका माणसाला जास्तीत जास्त सहा महिन्यांसाठी नेमायचे, काम झालं की पद संपलं. म्हणजे शब्दात ‘आणीबाणी’ आणि ‘तात्पुरतं’ हे दोन्ही होतं. मार्क्सने ५ मार्च १८५२ला अमेरिकेत गेलेल्या आपल्या मित्राला, योसेफ वायडेमायरला पत्र लिहिलं. त्यात तो म्हणतो की वर्ग आहेत आणि त्यांच्यात झगडा आहे हे काही मी शोधलेलं नाही, माझ्या आधीच्यांनी ते सांगितलंय. माझं नवीन काय तर, वर्ग हे इतिहासातल्या ठरावीक टप्प्यांशी बांधलेले असतात, हा झगडा कामगार वर्गाच्या हुकूमशाहीकडे जातो, आणि ही हुकूमशाही म्हणजे सगळेच वर्ग संपण्याकडे जायची वाट आहे. तिसरा मुद्दा लोक विसरतात, तो दोनदा सांगा. नंतर १८७५ला जर्मन कामगार पक्षाच्या कार्यक्रमावर टीका करताना त्याने परत तेच लिहिलं, की भांडवली समाज आणि कम्युनिस्ट समाज यांच्या मधल्या काळातलं राज्य हे असं असेल. ती टीका छापून आली थेट १८९१ला, मार्क्स गेल्यावर आठ वर्षांनी.

‘वर्गाची’ हा शब्द फळ्यावर लिहून खाली दोन रेघा मारा. त्या काळात फ्रान्समध्ये ब्लांकी नावाच्या क्रांतिकारकाच्या मागचे लोक होते, त्यांचं म्हणणं असं की थोड्या निवडक धाडसी माणसांनी गुप्तपणे सत्ता घ्यायची आणि मग जनतेसाठी चालवायची. मार्क्सचा जोडीदार एंगेल्सने १८७४ला साफ लिहिलं की ही मूठभरांची हुकूमशाही झाली, वर्गाची नाही. कुठलंच राज्य नको म्हणणाऱ्या रशियन अराजकतावादी बाकुनिनने तर त्याच सुमारास मार्क्सला थेट डिवचलं, की तुमचे कामगार सत्तेवर गेले की कामगार राहणारच नाहीत, राज्यकर्ते होतील. त्याचं पुस्तक वाचताना मार्क्सने ज्या नोंदी केल्या त्यात उत्तर आहे, की आज एखादा कारखानदार नगरपालिकेचा सभासद झाला म्हणून काय तो भांडवलदार राहत नाही का? हे वाक्य नाशिकमध्ये सांगितलं की लोक खळखळून हसतात, प्रत्येकाच्या डोळ्यासमोर कोण ना कोण असतं. हसू देत, पण नंतर विचारा की बाकुनिनचा प्रश्न सुटला का? माझं मत विचाराल तर सुटला नाही. मार्क्सचं उत्तर चलाख आहे, पण कारखानदाराकडे नगरसेवक झाल्यावरही कारखाना असतो. मशीन सोडून ऑफिसात बसलेल्या कामगाराकडे काय असतं, फक्त ऑफिस. हा प्रश्न कागदावर लिहून भिंतीला चिकटवा, तिसऱ्या संध्याकाळी लागतो.

दुसरी संध्याकाळ पूर्ण पॅरिस कम्यूनची, म्हणजे १८७१ला पॅरिसच्या कष्टकऱ्यांनी थोडे दिवस चालवलेल्या शहराच्या सरकारची. इथे घाई करू नका, विषयाचा गाभा इथे आहे. एंगेल्सने १८९१ला लिहिलं की कामगार वर्गाची हुकूमशाही कशी असते ते बघायचंय ना, मग पॅरिस कम्यूनकडे बघा. म्हणजे त्या दोघांच्या डोक्यात जे चित्र होतं ते हे होतं, तर मग तेच नीट बघू.

१८७१. फ्रान्स प्रशियाशी (तेव्हाचं मोठं जर्मन राज्य) युद्ध हरलेला, पॅरिसने वेढ्यात हिवाळा काढलेला, लोकांनी उंदीर खाल्लेले. १८ मार्चला सरकारने नॅशनल गार्डच्या, म्हणजे शहरातल्या लोकांच्या हत्यारबंद दलाच्या, तोफा उचलायला सैन्य पाठवलं, सैनिक लोकांत मिसळले, सरकार जवळच्या व्हर्सायला पळालं. २६ मार्चला निवडणूक झाली, २८ला कम्यून जाहीर झालं, आणि मेच्या शेवटच्या आठवड्यात सैन्याने शहरात घुसून हजारो लोक मारले. १८ मार्चपासून धरले तर ७२ दिवस. या ७२ दिवसांत काय केलं ते वर्गात सांगायचं, पण यादी वाचून नाही. प्रत्येक गोष्ट कोणाच्या तरी आयुष्याला टेकवून सांगायची.

आमच्या एका गटात देवळालीकडे बेकरीत काम करणारे एक काका होते. चाळीस वर्षं रात्री दोनला उठून पीठ मळलेलं, हातावर भट्टीचे डाग, बोलायला फार नाही. मी सांगितलं की एप्रिल १८७१ला कम्यूनने बेकऱ्यांतलं रात्रीचं काम बंद केलं, बेकरी कामगारांची जुनी मागणी होती. काका एकदम पुढे सरकले. रात्रीचं बंद? मग सकाळी पाव कसा? मी म्हटलं, पॅरिसमध्ये पण मालकांनी हेच विचारलं असेल. ते थोडा वेळ गप्प बसले आणि म्हणाले, माझी तिन्ही पोरं मी झोपलेलीच बघितलीत. त्यानंतर त्या गटाला कम्यून म्हणजे काय हे मला समजावून सांगावं लागलं नाही.

दुसरी गोष्ट सॅलरी स्लिपची. सगळ्यांना आधीच सांगून ठेवा की मागच्या महिन्याची स्लिप घेऊन या, नाव-नंबरवर बोट ठेवून दाखवा, पण आणा. त्यात कटिंगचा कॉलम वाचायचा. आमच्याकडे एकाच्या स्लिपवर दहा मिनिटं उशिरासाठी अर्ध्या दिवसाचा पगार गेलेला होता, महिन्यात तीनदा. मग सांगायचं की २७ एप्रिल १८७१ला कम्यूनने मालकांना दंड करायला आणि पगारातून कापायला बंदी केली, आणि मार्क्सने यावर लिहिताना म्हटलंय की दंड करताना मालक स्वतःच कायदा करतो, स्वतःच न्याय देतो, स्वतःच शिक्षा बजावतो आणि वर पैसे पण स्वतःच्याच खिशात टाकतो. पहिल्या दिवशीचा तो हेल्पर आठवतो मला इथे. त्याने जी ‘रोजची हुकूमशाही’ म्हटली ती हीच. जाता जाता कामाचं पण सांगून टाका: आपल्याकडे १९३६च्या वेतन प्रदान कायद्यापासून दंडावर मर्यादा आहे, ३ टक्क्यांच्या वर दंड नाही, दंडाचा पैसा कामगारांच्या हिताच्या कामालाच वापरायचा, आणि गैरहजेरीची कपात जेवढा वेळ बुडाला तेवढ्याच प्रमाणात. नव्या वेतन संहितेतही ती ३ टक्क्यांची मर्यादा आहे. त्या दिवशी तिघं जण हेच घेऊन एचआरकडे गेले. अभ्यासवर्गातून असं काही हातात घेऊन माणूस उठला पाहिजे.

आता कम्यूनच्या सत्तेची रचना. फळ्यावर तीनच गोष्टी राहू द्या. निवडून दिलेला माणूस मतदार कधीही परत बोलावू शकतात. अधिकाऱ्याचा पगार कामगाराच्या पगाराच्या आसपास, वर्षाला ६,००० फ्रँकच्या वर कोणालाच नाही. आणि लोकांपासून वेगळं उभं सैन्य नाही, लोकच हत्यारबंद. मार्क्सचा सगळा भर याच्यावर आहे, इतका की १८७२ला जाहीरनाम्याच्या नव्या प्रस्तावनेत त्याने आणि एंगेल्सने लिहिलं की तयार असलेलं सरकारी यंत्र नुसतं ताब्यात घेऊन कामगार वर्गाला आपलं काम करता येत नाही, हे कम्यूनने दाखवलं. मी हे असं सांगतो, की जुन्या साहेबाच्या खुर्चीत आपला माणूस बसवला तर खुर्ची त्याला साहेब करते, म्हणून खुर्चीच वेगळी बनवायची.

कम्यूनची देवपूजा मात्र करू नका. मतदान फक्त पुरुषांना होतं, लढायला आणि मरायला बायका बरोबरीने होत्या आणि मत नाही. वर्गातल्या एखाद्या ताईंनी ते बोलून दाखवायच्या आधी तुम्हीच सांगा. बँक ऑफ फ्रान्सला त्यांनी हात लावला नाही, दाराबाहेर अदबीने उभे राहिले, आणि तिकडे व्हर्सायचं सरकार पैसा उभा करत राहिलं. ही चूक होती असं एंगेल्सनेही लिहिलंय.

तिसरी संध्याकाळ अवघड. रशिया. बरेच जण इथे पळ काढतात. काही जण ‘ते सगळं साम्राज्यवाद्यांनी पसरवलेलं’ म्हणून मोकळे होतात आणि काही जण ‘बघा मार्क्स म्हणजे तुरुंग’ म्हणून मोकळे होतात. दोन्ही करू नका, समोर बसलेली माणसं दिवसभर राबून आलेली आहेत, त्यांना पूर्ण हिशोब द्या.

क्रम साधा ठेवा. १९१७च्या उन्हाळ्यात लपून राहताना लेनिनने राज्य आणि क्रांती हे पुस्तक लिहिलं, त्यात कम्यूनच्याच गोष्टी आहेत, परत बोलावणं, कामगाराएवढा पगार. क्रांती झाली. जानेवारी १९१८ला निवडून आलेली संविधान सभा एक दिवस भरली आणि बोल्शेविकांनी, म्हणजे लेनिनच्या पक्षाने, ती बरखास्त केली, त्यांना तिथे बहुमत नव्हतं. त्यांचं म्हणणं की सोव्हिएत म्हणजे कामगार-सैनिक-शेतकऱ्यांच्या निवडून दिलेल्या पंचायती हीच याच्यापेक्षा वरची लोकशाही. जर्मनीतला मोठा मार्क्सवादी कार्ल काउत्स्की उठला आणि म्हणाला मार्क्सला हे अभिप्रेत नव्हतं, लोकशाहीशिवाय समाजवाद होत नाही. लेनिनने त्याला गद्दार ठरवून पुस्तक लिहिलं. आणि तिसरा आवाज रोझा लक्झेंबर्गचा, ही जर्मनीतली क्रांतिकारक मार्क्सवादी, तेव्हा तिथल्याच तुरुंगात. तिने क्रांतीला मनापासून पाठिंबा दिला आणि त्याच लेखात लिहिलं की स्वातंत्र्य म्हणजे नेहमी वेगळा विचार करणाऱ्याचं स्वातंत्र्य, आणि वर्गाची हुकूमशाही ही वर्गाची असली पाहिजे, वर्गाच्या नावाने चालणाऱ्या थोड्या पुढाऱ्यांची नाही. वर्गात तीन जणांना ही तीन माणसं वाटून द्या आणि भांडू द्या. दहा मिनिटांत आवाज चढतो, चढू द्या, आमच्याकडे एकदा खालच्या मजल्यावरच्या वहिनी वर येऊन विचारून गेल्या काय झालं म्हणून.

पेठ-सुरगाण्याची माणसं का पाहिजेत ते इथे येतं. १९१८च्या सोव्हिएत राज्यघटनेत मजुरी देऊन नफ्यासाठी माणसं राबवणाऱ्यांना मतच नव्हतं, हे वर्गात बऱ्याच जणांना आवडतं. पण त्याच घटनेत सगळ्यात वरच्या काँग्रेसमध्ये (देशभरच्या सोव्हिएतांच्या सभेत) शहरी सोव्हिएतांचा एक प्रतिनिधी २५,००० मतदारांमागे आणि ग्रामीण भागाचा १,२५,००० लोकसंख्येमागे. (एकीकडे मतदार मोजलेत आणि दुसरीकडे लोकसंख्या, त्यामुळे फरक सरळ पाचपट नाही, पण शहराचं पारडं जड आहे.) सुरगाण्याचा एक तरुण, आईवडील नागलीची शेती करतात आणि हा अंबडला प्रेस शॉपवर, तो म्हणाला म्हणजे मी कंपनीत असलो की माझं मत मोठं आणि दिवाळीला गावी गेलो की लहान? २०१८च्या मार्चमध्ये याच्या घरचे नाशिकहून मुंबईपर्यंत १८० किलोमीटर चालत गेलेले, पायाचे फोड घेऊन. त्यांना ‘मागासलेला शेतकरी, त्याला कामगार नेतृत्व देईल’ असं सांगायला तोंड लागतं. नाशिकचा कामगार निम्मा शेतकरीच आहे, म्हणून हा प्रश्न इथे पुस्तकी राहत नाही.

मग मार्च १९२१. यादवी युद्ध संपत आलेलं, देश उपाशी, आणि क्रोनस्टाट बंदरातल्या नौसैनिकांनी, जे १९१७ला क्रांतीच्या पुढच्या रांगेत होते, मागणी केली की सोव्हिएतांच्या नव्याने गुप्त मतदानाने निवडणुका घ्या. ते बंड सैन्य पाठवून मोडलं. त्याच महिन्यात बोल्शेविक पक्षाच्या अधिवेशनात पक्षांतर्गत गटांवर बंदी आली. बाहेरचे पक्ष आधीच संपलेले, आता आतही वेगळं बोलायची जागा गेली. पुढे स्टालिनच्या काळात काय झालं, १९३७-३८ला किती जुने बोल्शेविकच गोळ्या घालून मारले गेले, हे सांगताना आवाज खाली आणू नका. भिंतीवर चिकटवलेला बाकुनिनचा कागद आता काढून मधे ठेवा आणि कम्यूनच्या तीन गोष्टी एकेक करून विचारा: १९२१नंतर कामगाराला आपला प्रतिनिधी परत बोलावता येत होता का? कागदावर हक्क होता, प्रत्यक्षात कोण बोलावणार आणि कोणापुढे? माझं मत असं की परत बोलावायचा हक्क जिथे मेला तिथे वर्गाची सत्ता संपली आणि पक्षाची सुरू झाली, लाल झेंडा तसाच राहिला तरी. वेढा होता, उपासमार होती, चहूबाजूंनी हल्ले होते, ही कारणं खरी आहेत आणि ती सांगितलीच पाहिजेत, पण कारण वेगळं आणि माफी वेगळी. माझ्याशी वर्गातले जुने कॉम्रेड यावर भांडतात, त्यांनी भांडावं.

यानंतर बाबासाहेब. सातपूरला तर याच्याशिवाय वर्ग पुराच होत नाही, आणि शेवटची पाच मिनिटं देऊन उरकू नका, निदान पाऊण तास ठेवा. ज्या जिल्ह्यात १९३०ला काळाराम मंदिराचा सत्याग्रह झाला आणि १९३५ला येवल्याची घोषणा झाली, त्याच जिल्ह्यात निफाड तालुक्यातल्या करंजगावला कम्युनिस्ट नेते कॉम्रेड डांगे जन्मले, आणि ७ नोव्हेंबर १९३८ला मुंबईत औद्योगिक कलह विधेयकाविरुद्धच्या संपात बाबासाहेब आणि कम्युनिस्ट एकत्र होते. एकत्र लढले आणि तरी पटलं नाही, का पटलं नाही ते मुलांना कळलं पाहिजे. २५ नोव्हेंबर १९४९च्या संविधान सभेतल्या भाषणात त्यांनी म्हटलं की कम्युनिस्टांना कामगार वर्गाच्या हुकूमशाहीवर उभी राज्यघटना हवी आहे आणि ही घटना संसदीय लोकशाहीवर उभी आहे म्हणून ते तिला नावं ठेवतात. बुद्ध आणि मार्क्स यांची तुलना करताना त्यांनी विचारलं की ही हुकूमशाही तात्पुरती म्हणता, तर किती दिवस? आणि राज्य गळून पडेल म्हणता, तर त्याच्या जागी काय येईल? समाधानकारक उत्तर मिळत नाही असं त्यांचं म्हणणं. आणि ते दाखवतात की भिक्खू संघात खाजगी मालमत्ता नव्हती आणि हुकूमशाहीही नव्हती. एका गटाला आम्ही पुढच्या सुट्टीच्या दिवशी त्रिरश्मीच्या बौद्ध लेण्यांवर घेऊन गेलो, पायऱ्यांवर बसून हाच भाग परत वाचला, तिथे मात्र वेगळंच ऐकू येतं.

‘किती दिवस’ या प्रश्नाला मार्क्सकडे आकडा नाही. तो नाही हे कबूल करा. रोमच्या डिक्टेटरला निदान सहा महिन्यांची मुदत होती.

बाबासाहेबांचा दुसरा मुद्दा माझ्या मते जास्त खोल जातो. जात ही नुसती श्रमाची नाही तर श्रमिकांचीही विभागणी आहे असं ते १९३६ला लिहून गेले. मुंबईच्या गिरण्यांत विणकाम खात्यात दलितांना घेत नसत, कारण धागा तोंडाने ओढावा लागायचा आणि दुसऱ्या कामगारांना तो विटाळ वाटायचा. तिथे ‘कामगार वर्गाचं राज्य’ म्हटलं तर कोणाचं? आज तुमच्या शॉपमध्ये कंत्राटी माणूस परमनंटच्या कँटीनमध्ये बसतो का, संडास साफ करणाऱ्या ताईंचा चहा कुठल्या कपात येतो, हे विचारा. आमच्या एका वर्गात हे विचारल्यावर कोणी मान वर केली नाही. मी पण काही बोललो नाही, पाच मिनिटं तशीच जाऊ दिली. तशी शांतता आली तर भरून काढू नका.

बाकी चीनचं ‘जनतेची लोकशाही हुकूमशाही’, फ्रेंच कम्युनिस्ट पक्षाने १९७६ला हा शब्दच सोडून दिला ते, हे सगळं कोणी विचारलं तर दोन वाक्यांत. हिंदी पुस्तकातला ‘सर्वहारा’ वापरू नका, आपल्याकडे कामगार, कष्टकरी, श्रमजीवी हे शब्द आहेत. ‘हुकूमशाही’च्या जागी ‘अधिसत्ता’ असा गुळगुळीत शब्द ठेवायचा मोह होतो, मी दोनदा ठेवून बघितला, लोकांना वाटतं काहीतरी लपवताय. शब्द आहे तो ठेवा आणि त्याचा अर्थ भांडून काढा. मोबाईलवरच्या क्लिपा वर्गात लावू नका, अर्धा तास त्यातच जातो. आणि कोणी म्हणालं मला हे काही पटलं नाही, तर त्याला पुढच्या वर्गाला पाच मिनिटं बोलायला द्या, आमच्याकडचे सगळ्यात चांगले दोघं असेच सापडले.

शेवटी घरचा अभ्यास एकच द्यायचा. प्रत्येकाने आपल्या युनियनची, सोसायटीची किंवा मंडळाची घटना मिळवायची आणि त्यात शोधायचं की निवडून दिलेल्या पदाधिकाऱ्याला मुदतीच्या आधी काढायचं असेल तर किती सभासदांची सही लागते आणि सभा कोण बोलावणार. सभा बोलावायचा अधिकार ज्याला काढायचंय त्याच्याच हातात असेल तर ते लाल पेनाने खूण करून आणायचं. आमच्या गटातल्या एकाला नुसती घटनेची प्रत मिळवायलाच तीन आठवडे लागले, ऑफिसात कोणी म्हणे कपाटात आहे, कोणी म्हणे अध्यक्षांच्या घरी आहे. शेवटी मिळाली ती पिवळी पडलेली, टाचणीला गंज आलेली, सायक्लोस्टाईलची प्रत. त्याने ती प्लास्टिकच्या पिशवीत घालून आणली आणि पुढचा वर्ग आम्ही त्याच पानांवरून सुरू केला, कलम पहिलं, सभासदत्व.